गडाचं स्कॅन कुणाचं? ज्यांचा गड त्यांचं

११ जुलै २०२५ ला युनेस्कोने मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारशाच्या यादीत घेतले, अकरा आपल्याकडचे आणि बारावा तमिळनाडूतला जिंजी, आणि त्या रात्री निम्म्या महाराष्ट्राच्या स्टेटसला रायगड होता. आनंद झालाच, होणारच. पण यादीत नाव आल्यावर जे काम सुरू होतं त्याबद्दल मात्र कुणी फारसं बोलत नाही. आता आराखडे होणार, टेंडरं निघणार, आणि त्यात 'थ्रीडी स्कॅनिंग', 'लायडार सर्व्हे', 'डिजिटल ट्विन' (वास्तूची कॉम्प्युटरमधली जुळी प्रत) हे शब्द हमखास असणार. असावेतच, ते काम व्हायलाच हवं, याआधीच व्हायला हवं होतं. माझं म्हणणं त्याच्या पुढचं आहे. सरकारी पैशातून कुठल्याही गडाचं, लेण्याचं, कातळशिल्पाचं स्कॅन झालं तर त्याचा मूळ डेटा, कच्चा, पूर्ण, कुणालाही फुकट उतरवून घेता आला पाहिजे, आणि ही अट काम सुरू व्हायच्या आधी टेंडरच्या कागदात लिहिलेली पाहिजे. काम संपल्यावर मागत बसलं की काही हाती लागत नाही, एजन्सी म्हणते खात्याला विचारा आणि खातं म्हणतं एजन्सीकडे आहे.

आधी हे स्कॅन म्हणजे नेमकं काय ते सांगतो, कारण बऱ्याच जणांना वाटतं की हा एक भारीतला व्हिडिओ असतो. तसं नाहीये. लेझर स्कॅनर, म्हणजेच लायडार, तिपाईवर ठेवतात, तो गोल फिरत सगळीकडे किरण सोडतो, किरण भिंतीवर आपटून परत यायला किती वेळ लागला त्यावरून अंतर काढतो, आणि असे सेकंदाला लाखो बिंदू मोजतो. प्रत्येक बिंदूला लांबी रुंदी उंची, तिन्ही माप असतं. पण त्याला समोर दिसतं तेवढंच कळतं, बुरुजाच्या पाठीमागचं कळत नाही, म्हणून तिपाई उचलून दुसरीकडे ठेवायची, परत मोजायचं, आणि शेवटी सगळे तुकडे एकमेकांना जुळवायचे. जे तयार होतं त्याला पॉइंट क्लाउड म्हणतात, कोट्यवधी बिंदूंचा ढग, आणि त्यात तुम्ही घरबसल्या दरवाजाच्या कमानीची उंची मोजू शकता, तटाचा एखादा चिरा किती बाहेर सरकलाय ते बघू शकता. दुसरी पद्धत फोटोंची, फोटोग्रामेट्री. एकाच वस्तूचे सगळ्या बाजूंनी एकमेकांवर चढणारे भरपूर फोटो काढायचे, सॉफ्टवेअर सगळ्या फोटोंत सारखे दिसणारे ठिपके शोधतं आणि त्यावरून आकार उभा करतं. हे साध्या मोबाइलवर होतं, आणि कोलमॅप, मेशरूम, क्लाउडकंपेअर, ब्लेंडर ही सगळी सॉफ्टवेअरं फुकट आहेत. २०२० पासून काही महागड्या फोनमध्ये छोटा लायडारसुद्धा यायला लागलाय, आणि २०२३ मध्ये गाउसियन स्प्लॅटिंग नावाची पद्धत आली तिच्यामुळे तर फोटोंवरून उभा केलेला देखावा इतका जिवंत दिसतो की आपण तिथे चालतोय असं वाटतं, अर्थात दिसायला सुंदर असणं आणि मापाला पक्कं असणं या वेगळ्या गोष्टी आहेत हे इथे लक्षात ठेवायचं.

आता स्कॅनचा उपयोग म्हटलं की सगळे नोत्र दामचं उदाहरण देतात, आणि ते योग्यच आहे. अँड्र्यू टॅलन नावाचा कला-इतिहासाचा प्राध्यापक, त्याने पॅरिसच्या त्या कथीड्रलमध्ये पन्नासहून जास्त जागांवर स्कॅनर ठेवून शंभर कोटींवर बिंदू मोजून ठेवले होते. २०१८ च्या नोव्हेंबरमध्ये तो गेला आणि पाचच महिन्यांनी, १५ एप्रिल २०१९ ला, छप्पर जळालं. पुढे जे काम झालं त्यात त्याचा आणि इतरांनी केलेल्या स्कॅनचा डेटा कामाला आला आणि डिसेंबर २०२४ मध्ये इमारत परत उघडली. पण यात एक गोष्ट लोक विसरतात. तो डेटा एका माणसाच्या ध्यासातून तयार झाला होता आणि तो हाताशी राहिला हे आपलं नशीब. सगळीकडे असं नशीब असत नाही.

आणि हे मी फ्रान्समधून शिकून सांगतोय असंही नाही, आपल्या अजिंठ्याचाच इतिहास बघा ना. १८४४ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीने रॉबर्ट गिल नावाच्या सैन्यातल्या चित्रकाराला अजिंठ्याला पाठवलं, तिथली भित्तिचित्रं हुबेहूब कॅनव्हासवर उतरवायला. त्याने जवळजवळ वीस वर्षं त्या दरीत काढली. चित्रं लंडनला गेली, तिथल्या क्रिस्टल पॅलेसमध्ये लोकांना बघायला लावली, आणि १८६६ च्या डिसेंबरमध्ये तिथे आग लागून जवळपास सगळी जळाली. मग १८७२ पासून मुंबईच्या जेजे स्कूल ऑफ आर्टचे जॉन ग्रिफिथ्स आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन परत अजिंठ्याला गेले, आपल्या मुंबईची पोरं होती ती, पेस्तनजी बोमनजींसारखी, वर्षानुवर्षं हिवाळ्यात तिथे राहून त्यांनी परत पहिल्यापासून चित्रं उतरवली. तीही लंडनला पाठवली. १८८५ मध्ये साउथ केन्सिंग्टनच्या म्युझियममध्ये आग लागली आणि त्यातलीही बरीचशी गेली. म्हणजे दोन पिढ्यांनी केलेली मेहनत, दोन्ही वेळा एकाच गावात एकाच छपराखाली ठेवली आणि दोन्ही वेळा जळाली. मधल्या काळात भिंतीवरची मूळ चित्रं झडत होती ती वेगळीच, आणि ग्रिफिथ्सच्या काळात चित्रं नीट दिसावीत म्हणून मूळ चित्रांवर जे वार्निश मारलं ते पुढे पिवळं पडून काळवंडलं. ज्यांनी जपायला हात लावला त्यांच्याच हाताने नुकसान झालं.

या एका कहाणीत माझा सगळा युक्तिवाद आहे असं मला वाटतं. एक तर नक्कल करताना मूळ वस्तूला हात लागता कामा नये, ते आज स्कॅनरमुळे शक्य झालंय, नुसता प्रकाश जातो आणि येतो. आणि दुसरं म्हणजे नक्कल एकाच जागी, एकाच साहेबाच्या ताब्यात ठेवली तर ती नसल्यातच जमा. तेव्हा कॅनव्हास होता, त्याच्या प्रती काढणं अवघड होतं, गिलला दोष देता येत नाही. आज फाइल आहे. फाइलीच्या प्रती काढायला काहीच लागत नाही, तरीही ती जर कुठल्यातरी कार्यालयाच्या कपाटातल्या हार्डडिस्कमध्ये कुलूपबंद राहणार असेल तर मग याला काय म्हणायचं? हार्डडिस्क पाच-सात वर्षांत दगा देऊ शकते हे ज्याच्याकडे लग्नाचे फोटो होते आणि गेले त्या प्रत्येकाला माहितीये.

कोकणातल्या कातळशिल्पांबद्दल मला सगळ्यात जास्त काळजी वाटते. रत्नागिरी-राजापूर-लांजा पट्ट्यात जांभ्याच्या सड्यांवर, म्हणजे उघड्या खडकाळ पठारांवर, कोरलेली ही शिल्पं, हजाराच्या वर आहेत, पुढे सिंधुदुर्गात कुडोपीला आहेत आणि गोव्यात कुशावतीच्या काठाला उसगळीमळलाही आहेत. वर्षानुवर्षं गुराख्यांना आणि गावच्या लोकांना माहीत होती, पण सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि डॉ. सुरेंद्र ठाकुरदेसाई यांनी स्वतःच्या पायांनी सडे तुडवून ती जगासमोर आणली. कुठला मोठा फंड नव्हता त्यांच्यामागे. २०२२ मध्ये युनेस्कोच्या संभाव्य यादीत त्यातल्या नऊ जागा गेल्या, महाराष्ट्रातल्या आठ आणि गोव्यातली एक. कशेळीला एक हत्ती आहे, साधारण १८ मीटर बाय १३ मीटरचा, आणि त्या हत्तीच्या पोटात आणखी कितीतरी प्राणी कोरलेत. तुम्ही त्याच्या शेजारी उभे राहिलात तर तुम्हाला तो दिसतच नाही, नुसत्या रेघा दिसतात, भर दुपारी तर त्याही नाही दिसत. सकाळी किंवा संध्याकाळी ऊन आडवं पडलं की मग आकार उमटतो.

थ्रीडी स्कॅन या शिल्पांसाठीच जन्माला आलंय असं म्हणावं इतकं ते इथे बसतं. रेघ बोट-दोन बोटं खोल, फोटोत ती जांभ्याच्या खरबरीत पोतात हरवते, पण मॉडेलमध्ये रंग काढून टाकता येतो, उजेड पाहिजे त्या कोनात आडवा पाडता येतो, खोली मोजता येते, कुठली रेघ आधीची आणि कुठली नंतर वरून मारली याचा अंदाज बांधता येतो. आणि घाईसुद्धा आहे. कारण जांभा म्हणजे चिरा, आणि चिरा म्हणजे पैसा, सड्यावर चिरेखाण कधी सुरू होईल सांगता येत नाही. रस्ता रुंद होतो, कलमांची बाग लावायला जेसीबी फिरतो. बारसूच्या सड्यावर रिफायनरीवरून २०२३ मध्ये काय झालं ते सगळ्यांनी बघितलं, त्या वादात कातळशिल्पंही होती. उक्षीसारख्या गावाने पुढाकार घेऊन आपलं शिल्प जपलं, पण प्रत्येक गावाला कुणी आधी सांगितलं तर पाहिजे ना की तुमच्या सड्यावर हे आहे आणि ते असं दिसतं.

हे 'असं दिसतं' किती महत्त्वाचं आहे ते मी घाटावरच्या एका गावात बघितलं. आमचा एक छोटा ग्रुप आहे, गडांवर आणि गावांत जाऊन मोबाइलने वीरगळींचे, म्हणजे लढताना मेलेल्या वीरांच्या स्मारकशिळांचे, आणि शिलालेखांचे मॉडेल करतो. त्या गावात भैरोबाच्या देवळामागे चार वीरगळी टेकवून ठेवल्या होत्या, त्यातल्या एकीवर कुणीतरी भक्तीने ऑइलपेंट फासलेला, लाल आणि वर चंदेरी, थरावर थर, नुसत्या डोळ्यांना गोळे दिसत होते. आम्ही ऊन यायच्या आधी सुरुवात केली, कारण सावली पडली की सॉफ्टवेअर गोंधळतं, शेजारी मापासाठी एक फूटपट्टी ठेवली, आणि खालून वर, डावीकडून उजवीकडे, दर वेळी थोडंसंच सरकत फोटो काढत गेलो. दुपारी देवळाच्या पारावर बसून लॅपटॉपवर मॉडेल तयार झालं, रंग काढला, उजेड बाजूने पाडला, आणि खालच्या चौकटीतला धनुष्य ओढलेला माणूस दिसायला लागला. त्याच्या वरच्या चौकटीत त्याला अप्सरा घेऊन चालल्यात, त्याच्या वर तो पिंडीपुढे हात जोडून बसलाय, म्हणजे नेहमीचीच मांडणी, पण खाली धनुष्यवाल्याच्या पायाशी गाई होत्या. गाईंसाठी मेलेला माणूस. गावातल्या पोरांनी आयुष्यभर त्या दगडाला पाठ टेकून पत्ते खेळलेले, ती सगळी गप्प होऊन बघत होती. तेवढ्यात गुरवाच्या घरातल्या एक आजी आल्या, त्यांनी बघितलं, हात जोडले, आणि मग विचारलं, "आरं पोरांनो, हे समदं तुमी घिऊन जानार, मग आमच्याकडं काय ऱ्हानार?"

या प्रश्नाला उत्तर असलंच पाहिजे, आणि ते टेंडरमध्ये असलं पाहिजे. आम्ही ती फाइल त्या गावच्या शाळेच्या कॉम्प्युटरवर टाकून आलो, मास्तरांना उघडायची कशी ते दाखवलं, पण आम्ही हौशी माणसं. जिथे कोट्यवधींचं काम निघतं तिथे पहिली प्रत ग्रामपंचायतीला आणि गावच्या शाळेला का देऊ नये? गड ज्या गावाच्या हद्दीत आहे, ज्या गावच्या लोकांनी पिढ्यानपिढ्या तिथे दिवा लावलाय, त्यांना आपल्याच गडाचं माप बघायला पुण्या-मुंबईच्या ऑफिसात अर्ज करायला लागावा हे मला पटत नाही.

कायद्याने यात काही अडतंय का? फारसं नाही. माहिती अधिकार कायदा २००५ चा आहे, त्याच्या चौथ्या कलमात सरकारने माहिती आपणहून जाहीर करायची आहे, कुणी मागायची वाट न बघता. २०१२ मध्ये केंद्राने डेटा शेअरिंगचं राष्ट्रीय धोरण आणलं, सरकारी पैशातून तयार झालेला जो डेटा संवेदनशील नाही तो लोकांना खुला करायचा असं त्यात आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये नकाशे आणि भू-स्थानिक डेटावरची जुनी परवानग्यांची जंत्री केंद्राने काढून टाकली. म्हणजे दिशा सगळी उघडण्याकडे आहे. कॉपीराइटचं म्हणाल तर तीनशे वर्षांपूर्वीच्या तटाचं जसंच्या तसं माप घेण्यात नवनिर्मिती कुठली? युरोपियन युनियनने २०१९ च्या कायद्यात हे सरळ लिहूनच टाकलं की कॉपीराइट संपलेल्या कलाकृतीची हुबेहूब नक्कल केली तर त्या नकलेवर नवीन हक्क सांगता येणार नाही. बर्लिनच्या म्युझियममधल्या नेफर्तितीच्या पुतळ्याचं स्कॅन लोकांना मिळावं म्हणून एका अमेरिकन माणसाने जवळजवळ तीन वर्षं पत्रव्यवहार केला तेव्हा २०१९ मध्ये ते मिळालं. अमेरिकेतल्या स्मिथसोनियनने मात्र २०२० च्या फेब्रुवारीत आपली २८ लाख चित्रं आणि थ्रीडी मॉडेल एका झटक्यात खुली केली, वापरा, छापा, विका, काहीही करा. त्यांचं काय वाईट झालं त्याने?

आता हरकती. पहिली हरकत सुरक्षेची. खांदेरी, सिंधुदुर्ग समुद्रात आहेत, तिथली मापं सगळ्या जगाला कशाला द्यायची. अहो, उपग्रहाचे फोटो सगळ्या जगाला दिसतातच, आणि १७ व्या शतकातल्या तटाची जाडी कळून आज कुणाला कसला हल्ला करता येणार? जिथे नौदलाचं किंवा दीपगृहाचं खरोखर संवेदनशील काही असेल तेवढा तुकडा वगळा, बाकीचं द्या. मात्र एका बाबतीत मी स्वतःच थांबा म्हणेन. जी ठिकाणं अजून संरक्षित नाहीत, जिथे पहारा नाही, तिथला अचूक पत्ता लगेच जाहीर करू नये, कारण गुप्तधनाच्या नादाने रात्री खणणारे लोक खरे आहेत, वीरगळीखाली आणि तोफेखाली खड्डे मी बघितलेत. तिथे मॉडेल द्यावं, ठिकाण तालुक्यापुरतं सांगावं, संरक्षण मिळालं की मग पूर्ण सांगावं.

चोरीचा धाक दाखवून सगळंच झाकून ठेवणं मात्र उलटं काम करतं. तमिळनाडूतल्या श्रीपुरंथनच्या देवळातला नटराज चोरीला गेला आणि २००८ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या नॅशनल गॅलरीने तो साधारण ५० लाख डॉलरला विकत घेतला. तो आपलाच आहे हे सिद्ध कशावरून झालं? पाँडिचेरीच्या फ्रेंच संस्थेने कधीकाळी देवळादेवळांत जाऊन काढलेल्या फोटोंवरून. अभ्यासकांनी आणि हौशी लोकांनी ते फोटो जुळवले, २०१४ मध्ये मूर्ती परत आली. नोंद होती आणि ती बघता येत होती म्हणून मूर्ती घरी आली. आपल्या गावागावांतल्या देवळांबाहेर पडलेल्या किती मूर्तींची अशी नोंद आहे?

दुसरी हरकत, कुणीतरी यातून पैसे कमावेल. कमवू द्या. कोल्हापूरच्या एखाद्या पोराने पन्हाळ्याचं मॉडेल छापून विकलं, नगरच्या कुणी मोबाइल गेम केला, न्यू जर्सीतल्या मराठी शाळेने मुलांना राजगड हातात घेऊन शिकवला, यात गडाचं काय कमी झालं? दिवाळीत आपली पोरं किल्ले करतात, माती, विटा, गोणपाट, वर हळीव पेरून, आणि राजगड करायचा म्हटलं की तीन माच्या आणि मधला बालेकिल्ला यांचा मेळ कुणालाच बसत नाही, कारण समोर असतो एक फोटो. खरी उंचसखल मापं मिळाली तर ती पोरं सुवेळा आणि संजीवनी माची जशी आहे तशी घडवतील आणि मग ती आयुष्यात विसरणार नाहीत. आणि ज्यांना दिसतच नाही त्यांचं काय? अंध मुलांच्या शाळेत राजगडाचं थ्रीडी छापलेलं मॉडेल ठेवलं तर ती मुलं बोटांनी चिलखती बुरुज ओळखतील, डोंगराची सोंड कुठून फुटते ते त्यांना कळेल. त्यासाठी फक्त ती फाइल कुणालाही मिळायला हवी, प्रिंटर तर आता गल्लीबोळात झालेत. या एका उपयोगासाठीसुद्धा मी हा सगळा वाद घालायला तयार आहे.

तिसरी हरकत जरा नाजूक आहे आणि ती मला मान्य आहे. ज्या मूर्तीची आज पूजा होते, ती गावची देवता आहे, तिचं मॉडेल करायचं की नाही हे गावाने ठरवावं. गुरव, पुजारी, ग्रामसभा नाही म्हणाली तर नाही. अभ्यासक म्हणून कितीही मोह झाला तरी.

सगळ्यात मोठा धोका मात्र लोकांना दिसत नाहीये. स्कॅन झालं की ते हातात धरून कुणीतरी म्हणणार, आता नोंद झालीये ना सगळी, मग मूळ गेलं तरी काय बिघडलं, खाण सुरू करू द्या, रस्ता जाऊ द्या. हे होणार, लिहून ठेवा. पाल्मिराची कमान आयसिसने २०१५ मध्ये उडवली, २०१६ च्या एप्रिलमध्ये लंडनच्या ट्रॅफल्गार चौकात तिची छोटी संगमरवरी नक्कल उभी राहिली, यंत्राने कोरलेली, फोटोंवरून मापं काढून. लोकांनी सेल्फी काढले. पाल्मिराच्या लोकांना त्यातून काय मिळालं हा प्रश्न तेव्हाही विचारला गेला. कातळशिल्प तर उचलून दुसरीकडे नेताच येत नाही, ते सड्यासकट आहे, त्या सड्यावर पावसाळ्यात साचणाऱ्या पाण्यासकट, फुलणाऱ्या सीतेच्या आसवांसकट, समोर दिसणाऱ्या समुद्रासकट आहे. म्हणून नियमातच लिहायला हवं की डॉक्युमेंटेशन झालं हे पाडकामाच्या किंवा खाणकामाच्या परवानगीचं कारण होऊ शकत नाही. ज्यांना स्कॅनिंगची आवड आहे त्या आपण सगळ्यांनीच हे आधी ओरडून सांगायला हवं, नाहीतर आपल्याच फाइली उद्या त्या लोकांच्या पुराव्यात लागतील.

आणि शोबद्दल. हल्ली वारसा म्हटलं की होलोग्राम, लेझर शो, प्रोजेक्शन मॅपिंग. २०२२ च्या जानेवारीत इंडिया गेटजवळ नेताजींचा होलोग्राम पुतळा उभा केला होता, सप्टेंबरमध्ये तिथे ग्रॅनाइटचा आला. निवडणुकीच्या सभांत २०१२ आणि २०१४ मध्ये नरेंद्र मोदींचे जे होलोग्राम दिसले ते तांत्रिकदृष्ट्या होलोग्राम नव्हतेच, तिरक्या पारदर्शक पडद्यावर प्रतिबिंब पाडायची युक्ती होती, लंडनच्या रंगमंचावर १८६२ पासून चालत आलेली. खरा होलोग्राम म्हणजे डेनिस गाबोरने १९४७ मध्ये शोधलेली गोष्ट, त्याला त्यासाठी १९७१ चं नोबेल मिळालं, आणि ज्याच्याभोवती फिरून चारी बाजूंनी बघता येईल असा हवेतला थ्रीडी डिस्प्ले अजून प्रयोगशाळेत आणि प्रदर्शनांतच जास्त आहे. मला शोचा राग नाही, लहान मुलं त्याने गडाकडे वळत असतील तर चांगलंच आहे. पण पैशाचा क्रम चुकतो. शो दिसतो, उद्घाटन होतं, प्रोजेक्टरचं आयुष्य संपलं की दोन-चार वर्षांत तो बंद पडतो. पॉइंट क्लाउडचं उद्घाटन करता येत नाही, म्हणून तो मागे राहतो. आधी मापं घ्या, ती खुली करा, त्यातून शो करणारे दहा जण आपणहून उभे राहतील.

नियमित स्कॅनचा एक उपयोग तर असा आहे की नुसत्या त्यासाठीही पैसे घालावेत. दर पावसाळ्यात कुठल्या ना कुठल्या गडाचा तट ढासळल्याची बातमी येते. तट एका रात्रीत ढासळत नाही. आत पाणी मुरतं, झाडाची मुळं चिरे ढकलतात, पोट सुटतं, वर्षानुवर्षं. मे महिन्यात एक स्कॅन आणि ऑक्टोबरमध्ये दुसरं केलं, दोन्ही एकावर एक ठेवले, तर कुठला भाग किती सेंटिमीटर बाहेर आला ते रंगांत दिसतं, फुकटच्या सॉफ्टवेअरमध्ये दिसतं. हा डेटा खुला असेल तर सिव्हिल इंजिनीअरिंगच्या शेवटच्या वर्षाला असलेली पोरं प्रोजेक्ट म्हणून हे करतील, सांगली, अमरावती, कुठलीही. खात्याकडे माणसं कमी आहेत हे आपण ऐकतच आलोय, पुरातत्त्व सर्वेक्षणाकडे देशभरात साडेतीन हजारांवर स्मारकं आहेत, त्यांनी तरी किती ठिकाणी डोळा ठेवायचा. मग हजारो डोळे फुकट मिळतायत तर ते घ्या की. जावळीच्या जंगलात झाडांखाली काय दडलंय हेही विमानातून किंवा ड्रोनमधून लायडार फिरवल्याशिवाय कळणार नाही, ग्वाटेमालाच्या जंगलात २०१८ मध्ये माया संस्कृतीची अशीच ६० हजारांवर जुनी बांधकामं सापडली, पण तो डेटासुद्धा एकाच खोलीत बसलेल्या चार लोकांनी बघून संपणारा नसतो.

म्हणून टेंडरमध्ये काय असावं हे मी स्पष्टच लिहितो. कच्चा पॉइंट क्लाउड आणि मूळ फोटो, दोन्ही द्यायचे, नुसतं चकचकीत मॉडेल नाही, कारण मॉडेल करताना भोकं भरली जातात, खडबडीतपणा घासला जातो, आणि उद्याच्या अभ्यासकाला तोच खडबडीतपणा हवा असतो. फाइल ई-५७ किंवा लॅझसारख्या खुल्या फॉरमॅटमध्ये, एका कंपनीच्या सॉफ्टवेअरशिवाय उघडत नाही असल्या कुठल्या फॉरमॅटमध्ये नको. कुठल्या तारखेला, कुठल्या यंत्राने, कुणी मोजलं याची नोंद सोबत. प्रती कमीत कमी तीन आणि तीन वेगवेगळ्या गावांत, एक खात्याकडे, एक विद्यापीठात किंवा डेक्कन कॉलेजसारख्या संस्थेत, एक जिल्ह्याच्या ठिकाणी, आणि गावची प्रत वेगळी. शेवटचा हप्ता हे सगळं लोकांसाठी चढवल्यावरच एजन्सीला द्यायचा, त्याआधी नाही, कारण शेवटचा हप्ता दिल्यावर काय होतं ते आपल्याकडे सगळ्यांना माहीत आहे.

आणि हे आत्ताच करायला हवं, बारा किल्ल्यांचे आराखडे कागदावर असताना. तुमच्या गावच्या हद्दीत यातला एखादा गड असेल किंवा यादीत नसलेला साधा गढीचा बुरुज असेल, तर पुढच्या ग्रामसभेत ठराव मांडा की आमच्या हद्दीत जे मोजमाप होईल त्याची प्रत आम्हाला मिळावी. ठरावाला पैसे लागत नाहीत. शहरात राहत असाल तर ज्या कामाची टेंडर नोटीस दिसेल ती उघडून वाचा, डेटा कुणाच्या मालकीचा होणार त्याचा परिच्छेद शोधा, तो नसेल तर तसं खात्याला लेखी कळवा आणि त्या पत्राची पोच घ्या.